चारशे वर्षांचे नाव, पन्नाशीची इमारत

गोखले रोडवरून जाणाऱ्या बसमध्ये 'पोर्तुगीज चर्च!' अशी आरोळी उठली की निम्मी बस उतरायला उठते. त्यांत चर्चमध्ये जाणारे थोडेच. कोणी लग्नाच्या खरेदीला निघालेले, कोणी सिद्धिविनायकाला, कोणी नुसतेच घरी. आम्हां दादरकरांच्या पत्त्यात, भांडणात आणि भेटीच्या वायद्यात हे चर्च हटकून येते. पण या नावातले पोर्तुगीज कधीच गेले, आणि त्यांनी बांधलेली वास्तूही आज उभी नाही, हे फारसे कुणाच्या ध्यानात येत नाही.

या देवालयाचे खरे नाव 'अवर लेडी ऑफ साल्व्हेशन', म्हणजे तारणमाता मरियेचे मंदिर. फ्रान्सिस्कन पंथाच्या पाद्र्यांनी ते १५९६ साली स्थापन केले. शिवनेरीवर शिवाजी महाराजांचा जन्म व्हायला तेव्हा अजून चौतीस वर्षे अवकाश होता! दादर हे नावही तेव्हा कोणाच्या तोंडी नसावे. हा सारा मुलूख खालचा माहीम, नारळीच्या बागांचा.

१६६५ साली बेट इंग्रजांच्या ताब्यात गेले तरी चर्चमधले पाद्री गोव्याच्या आर्चबिशपांच्याच हुकमातले राहिले. इंग्रजांना ते सलू लागले. १७२० मध्ये गव्हर्नर बून याने त्यांना बाहेर काढले आणि कार्मेलाइट पंथाच्या पाद्र्यांना आणले. पुढे जे झाले ते आपल्याकडच्या भाऊबंदकीला शोभेल असे आहे. गोव्याचा पक्ष म्हणे चर्चेस आमची, रोमचा पक्ष म्हणे आमची. अखेर १७९४ मध्ये चार चर्चेसची दोन-दोन अशी वाटणी झाली आणि दादरचे चर्च गोव्याच्या पदरात पडले. हा दुहेरी कारभार मिटायला १९२८ साल उजाडले. एका गावात दोन बिशप! शेतीच्या वाटणीचे दावे तीन पिढ्या चालवणाऱ्या आपल्या मंडळींनी उगाच नाक मुरडू नये.

आता वास्तूकडे वळू. जुनी इमारत जाऊन १९७४ ते १९७७ या काळात आजचे चर्च उभे राहिले. वास्तुशिल्पी होते चार्ल्स कोरिया. साबरमतीचे गांधी स्मारक संग्रहालय ज्यांनी घडवले, नवी मुंबईच्या आराखड्यात ज्यांचा मोठा वाटा, तेच. मनोरा नाही, कळस म्हणावा असे टोक नाही. काँक्रीटची उपडी घातलेली मडकी वाटावीत अशी छपरे. बाहेरून बघणाऱ्याला हे चर्च आहे हे पटायला थोडा वेळ लागतो.

आत गेले की मात्र उलगडा होतो. येशूच्या जीवनातले तीन टप्पे कोरियांनी आधाराला घेतले : बाप्तिस्मा व त्याआधीचे खाजगी जीवन, लोकांत वावरून केलेला उपदेश, आणि मृत्यू व पुनरुत्थान. त्या क्रमाने जागा एकीतून दुसरीत उलगडत जातात. काही छपराखाली, काही उघड्या आभाळाखाली. छपराच्या टोकाशी झरोके ठेवले आहेत. तापलेली हवा वर चढते, झरोक्यातून निघून जाते आणि तिच्या जागी अंगणातली वारेझुळूक आत येते. आपल्या वाड्यांतला चौक दुसरे काय करीत होता? पुण्याच्या वाड्यात लहानपण गेलेल्या माणसाला इथे परके वाटायचे कारण नाही.

तरी जुन्याबद्दल हळहळ वाटतेच. या संदर्भात मला फिनलंडमधल्या पेतायावेसी या खेड्यातले लाकडी चर्च आठवते. तिथल्या ल्यूथरपंथी शेतकऱ्यांनी याक्को लेप्पानेन नावाच्या कारागिराच्या देखरेखीखाली १७६३ ते १७६५ मध्ये ते ओंडक्यांचे उभारले. क्रुसाच्या आकाराचे, मधोमध लाकडी घुमट. १८७९ मध्ये गावाने दुसरे चर्च बांधले आणि हे सोडून दिले. सोडले म्हणूनच ते वाचले! कुणी वाढवले नाही, सुधारले नाही; विसाव्या शतकात जाणत्यांची नजर गेली, डागडुजी झाली आणि १९९४ साली ते युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत जाऊन बसले.

दादरला तो मार्ग नव्हता. इथे माणसे येतच राहिली. भायखळ्याचे ग्लोरिया चर्च मूळचे माझगावचे. तिथली वास्तू पाडून १९१३ मध्ये ते नव्या जागी आले. माहीमचे सेंट मायकेल सोळाव्या शतकातले, इमारत १९७३ची. आणि नुसती चर्चेसच कशाला? आमचा सिद्धिविनायक १८०१ सालचा, पण आजचे मंदिर १९९०नंतरचे; जुन्या लहानशा देवळाची आठवण असलेले लोक आता म्हातारे झाले.

हे सारे मी एवढे लावून धरतो याला घरगुती कारण आहे. आमच्या चाळीच्या पुनर्विकासाच्या बैठका सध्या रंगात आल्या आहेत. लाकडी जिना, लाकडी कठडे, पावसात फुगणारी दारे. हे जाणार, याबद्दल फारसा वाद नाही. वाद आहे तो सामाईक गॅलरीचा. नकाशात ती नाही. तरुण मंडळी म्हणतात, तेवढी जागा खोलीत मिळेल. तळमजल्यावरच्या आजी विचारतात, "मग पापड कुठे वाळवू, आणि बोलू कुणाशी?" बिल्डरच्या माणसाने वहीत काहीतरी टिपून घेतले.

त्या बैठकीनंतर मी भर दुपारी चर्चच्या अंगणात जाऊन बसलो. मेचा उकाडा होता, रस्त्यावर हॉर्न वाजत होते. एक बाई बाजाराची पिशवी बाकावर ठेवून डोळे मिटून बसल्या होत्या. अंगणातून वारा येत होता.