अत्यंत मुसळधार म्हणजे नक्की किती?

रत्नागिरीच्या मुलांना पाऊस कुणी शिकवायला नको. पण ‘मुसळधार’, ‘अति मुसळधार’ आणि ‘अत्यंत मुसळधार’ यांत फरक काय, हे विचारा बरं कुणाला! बातम्यांत ही नावं ऐकली की वाटतं, सांगणाऱ्याच्या तोंडी येईल ते तो सांगतोय. तसं मुळीच नाही. त्यामागे चक्क गणित आहे, आणि तेही एका रेघेवर काढता येणारं.

भारतीय हवामानशास्त्र विभागाची वेधशाळा रत्नागिरीत आहे. पर्जन्यमापकात साठलेलं पाणी रोज सकाळी साडेआठला मोजतात. मागच्या २४ तासांत ६४.५ मिलिमीटर पाऊस भरला की तो मुसळधार. ११५.६ पासून पुढे अति मुसळधार. आणि २०४.५ गाठलं की अत्यंत मुसळधार! ऐकायला हे जेमतेम वीतभर पाणी. पण १० मीटर लांब आणि १० मीटर रुंद अंगणात एवढा पाऊस पडला, तर ते होतं २०,४५० लिटर!

आता पाऊस ‘क्ष’ मिलिमीटर मानू. २१० पडला तरी तो अत्यंत मुसळधार, ३०० पडला तरीही. म्हणून लिहायचं: क्ष ≥ २०४.५. ही झाली असमानता. मला ही फार आवडते, कारण समीकरणासारखं एकच उत्तर देऊन ती गप्प बसत नाही. २०४.५ पासून पुढची प्रत्येक संख्या तिचं उत्तर!

एवढी उत्तरं लिहिणार कशी? संख्यारेषा काढा. २०४.५ वर भरीव गोल, तिथून उजवीकडे जाड रेघ, टोकाला बाण. गोल भरीव, कारण २०४.५ स्वतःही उत्तरात आहे. आणि पाऊस तेवढा झालाच नाही तर? मग क्ष < २०४.५. इथे गोल पोकळ आणि रेघ डावीकडे. पण तिला बाण नाही. ती शून्यावर थांबते, कारण उणे पाऊस कुठेच पडत नाही! शून्यावर मात्र गोल भरीव, कोरडा दिवसही मोजायचा ना.

(‘<’ आणि ‘>’ ही चिन्हं इंग्लंडच्या थॉमस हॅरियट यांच्या पुस्तकात १६३१ साली छापली गेली. तेव्हा ते जाऊन १० वर्षं झाली होती.)

चला, एक सोडवू. समजा, रात्री साडेनऊपर्यंत १०६.५ मिलिमीटर पाऊस झालाय आणि आता तो तासाला १४ मिलिमीटर पडतोय. अत्यंत मुसळधार व्हायला अजून किती तास हवेत? तास ‘त’ मानू.

१०६.५ + १४त ≥ २०४.५
१४त ≥ ९८
त ≥ ७

दोन्ही बाजूंतून १०६.५ वजा केले, मग १४ ने भागलं. चिन्ह जागचं हललं नाही. ऋण संख्येने भागलं असतं तर मात्र ते उलटं झालं असतं. पटत नाही? ३ < ५ खरं, पण −३ > −५. रेषेवर बघा, −५ शून्याच्या डावीकडे जास्त लांब आहे.

म्हणजे पहाटे साडेचारपर्यंत पाऊस असाच हवा. पण बाण काढायची घाई नको! साडेनऊपासून सकाळी साडेआठपर्यंत तास फक्त ११. म्हणून ७ ≤ त ≤ ११, दोन्ही टोकांना भरीव गोल. साडेआठनंतरचा पाऊस दुसऱ्या दिवसाच्या हिशेबात जातो, आणि तो पुन्हा शून्यापासून सुरू होतो.