माझे गाव : खडक, पाऊस आणि माणसे

भूगोलाच्या तासाला ‘खेड्याचा अभ्यास’ हा विषय निघाला की आपण सर्वजण ठरलेल्या क्रमाने लिहितो. स्थान, सीमा, भूरचना, हवामान, मृदा, पिके आणि सर्वांत शेवटी लोकसंख्या. प्रत्येकाचा परिच्छेद वेगळा. जणू गावच्या खडकाचा गावच्या माणसांच्या आकड्याशी काही संबंधच नाही! देगलूर तालुक्याच्या पूर्व अंगाला, मांजरा नदीकडच्या बाजूला माझे लहानसे गाव आहे. त्याची माहिती लिहायला बसलो तेव्हा हा ठरलेला क्रम मला पुरेना. गावाचे नाव येथे मुद्दामच देत नाही. त्या पट्ट्यातल्या दहा-वीस गावांपैकी कोणतेही नाव वाचकांनी घालून घ्यावे. मजकुरात फारसा फरक पडणार नाही.

देगलूर हे साडेअठरा अंश उत्तर अक्षांश आणि साडेसत्त्याहत्तर अंश पूर्व रेखांश यांच्या लगत, समुद्रसपाटीपासून चारशे मीटरच्या आसपास उंचीवर आहे. नकाशावर पट्टी ठेवून पाहिले तर एक मौज दिसते. पश्चिमेचा अरबी समुद्र आणि पूर्वेचा बंगालचा उपसागर हे दोन्ही येथून सरळ रेषेत साडेचारशे ते पाचशे किलोमीटरवर, म्हणजे जवळजवळ सारख्याच अंतरावर आहेत. ‘कोकणचा महाराष्ट्र’ आपल्याला जितका दूर, तितकाच आंध्रचा किनारा. ही गोष्ट पुढे पावसाच्या हिशेबात उपयोगी पडणार आहे.

सीमा सांगायच्या तर पूर्वेला तेलंगण, दक्षिणेला कर्नाटकातला बीदर जिल्हा. पूर्वेची सीमा फार जुनी नाही. १९५६ पर्यंत देगलूर तालुका हैदराबाद राज्याच्या नांदेड जिल्ह्यात होता. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली. मराठवाडा मुंबई राज्यात आला, पण देगलूर तालुक्यातली बिचकुंदा आणि जुक्कल ही दोन मंडळे पलीकडे, आंध्र प्रदेशात गेली. ती आधी निजामाबाद जिल्ह्यात होती. २०१६ पासून कामारेड्डी जिल्ह्यात आहेत. कागदावर रेघ पडली तरी सोयरिकी काही तुटल्या नाहीत. आमच्याकडच्या आज्या अजूनही पलीकडच्या माहेराला जातात, आणि बाजारात भाव करताना तीन भाषा एका वाक्यात येतात. देगलूर, तमलूर या नावांच्या शेवटी असलेला ‘ऊर’ म्हणजे कन्नड-तेलुगूतले गाव. आडनावांच्या शेवटी येणारे ‘वार’ हेही तेलुगूचेच देणे. २०१८ मध्ये तेलंगण सरकारने शेतकऱ्यांना दर हंगामाला एकरी चार हजार रुपये देण्याची योजना काढली, तेव्हा नांदेड जिल्ह्याच्या सीमेवरील काही गावांनी आम्हालाही तेलंगणात घ्या अशी मागणी केली होती. वर्तमानपत्रांना ती बातमी वाटली. आमच्याकडे मात्र बांधाच्या अलीकडे एक व पलीकडे दुसरेच, हे रोज डोळ्यांना दिसत होते.

आता खडक. महाराष्ट्राचा बहुतेक भाग काळ्या पाषाणाचा, म्हणजे बेसॉल्टचा, हे आपण शाळेपासून घोकत आलो आहोत. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्ह्याचे थर एकावर एक पसरून हे पठार तयार झाले. परंतु प्रत्येक पठाराला कोठेतरी काठ असतोच, आणि दख्खनच्या या पठाराचा पूर्वेकडचा काठ देगलूर-बिलोलीच्या परिसरातून जातो. पश्चिमेकडून येताना बालाघाटच्या फाट्यांमध्ये काळा खडक दिसतो. पूर्वेकडे सरकू लागलो की लाव्ह्याचे थर पातळ होत जातात आणि त्याखालचा, अडीचशे कोटी वर्षांच्या आसपासचा ग्रॅनाइट उघडा पडतो. किल्लारीच्या ३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपानंतर शास्त्रज्ञांनी तेथे खोल छिद्र घेतले, तेव्हा ३३८ मीटर बेसॉल्ट ओलांडल्यावर त्यांना हा जुना खडक लागला. लातूर जिल्ह्यात जो पाहण्यासाठी एवढे खोल जावे लागते, त्यावर आमच्याकडे शेळ्या चढतात. माळावर एकावर एक ठेवल्यासारखे गोल, गुलाबी-करडे धोंडे दिसतात, ते हेच. पलीकडच्या तेलंगणात अशा टेकडीला ‘गुट्टा’ म्हणतात. १९७२ च्या दुष्काळात खडी फोडायला गेलेली म्हातारी माणसे सांगतात की काळा दगड घणाला लवकर दबतो, हा दबत नाही. भूगर्भशास्त्राचे पुस्तक न उघडता त्यांनी दोन खडक ओळखले होते.

खडक दोन, म्हणून जमिनीही दोन. बेसॉल्ट झिजून काळी, चिकट, ओल धरून ठेवणारी जमीन होते. ग्रॅनाइट झिजून तांबूस, रेताड, मुरमाड जमीन होते. (काळ्या जमिनीला पुस्तकात ‘रेगूर’ म्हणतात. हा शब्द मूळ तेलुगू. शेजारच्यांचा शब्द आपण भूगोलाच्या पुस्तकातून शिकतो, ही गंमतच.) आमच्या शिवारात नदीकडची पट्टी काळी आहे आणि बाकी सारे बरड. काळ्या पट्टीत हरभरा आणि करडई नुसत्या ओलीवर निघते. बरडावर मृगाच्या पेरणीचे सोयाबीन, मूग, उडीद, तूर हेच. दसरा-दिवाळीपर्यंत बहुतेक सर्व घरी आले आणि तुरी उभ्या राहिल्या की बरडाच्या मालकाचे वर्ष जवळजवळ संपते. गावात कोणाच्या वाट्याला कोणती जमीन आहे हे कळले तर त्या घरची माघ महिन्यातली स्थिती न विचारता सांगता येते.

पाऊस कमी असे म्हणावे तर तसेही नाही. मराठवाडा म्हटले की बाहेरच्या माणसाच्या डोळ्यांसमोर भेगाळलेली जमीन येते. प्रत्यक्षात नांदेड जिल्ह्याची वार्षिक सरासरी नऊशे मिलिमीटरच्या आसपास आहे. पुणे शहराची त्याहून कमी, सव्वासातशेच्या घरात आहे. सह्याद्रीने अडवलेल्या ढगांत आमच्यापर्यंत पोचेतो फारसे काही उरत नाही हे खरे, पण दुसरा समुद्र मदतीला येतो. बंगालच्या उपसागरात कमी दाबाचे पट्टे तयार होऊन ते वायव्येकडे सरकतात, तेव्हा तेलंगण, विदर्भ आणि मराठवाड्याचा पूर्व भाग भिजतो. म्हणूनच बीड-धाराशिवपेक्षा नांदेडला जास्त पाऊस पडतो. आमच्या गावातल्या म्हाताऱ्यांना हे वाऱ्यावरून कळते. पश्चिमेकडून आभाळ आले तर ते अंगणातली वाळवण उचलत नाहीत. पूर्वेकडून काळोख आला की बैल गोठ्यात बांधतात.

अडचण वाटणीची आहे. अडीच मिलिमीटर किंवा त्याहून अधिक पाऊस झाला तर हवामान खाते तो दिवस पावसाचा धरते. असे दिवस आमच्याकडे वर्षात पंचेचाळीस-पन्नास. उरलेले तीनशे पंधरा दिवस या पन्नास दिवसांच्या शिदोरीवर काढायचे. त्या पन्नासांतही मृग कोरडा, आर्द्रा हुलकावणी देणारी, आणि काढणीला आलेल्या मुगावर मघा-पूर्वा धो धो. १७ व १८ ऑगस्ट २०२५ च्या मधल्या रात्री शेजारच्या मुखेड तालुक्यात असाच पाऊस कोसळला आणि लेंडीच्या पाण्याने हसनाळ, रावणगाव, भासवाडी, भिंगेली या गावांना वेढा घातला. हसनाळला माणसे गेली. ज्या लेंडीच्या पात्रात उन्हाळ्यात पोरे क्रिकेट खेळतात, ती ही लेंडी. मे महिन्यात पारा बेचाळीस अंशांपलीकडे जातो. डिसेंबर-जानेवारीत पहाटे बारा-तेरा अंशांवर येतो. हिवाळा आमच्याकडे गोड असतो, पण थोडका.

पडलेले पाणी जाते कोठे, हा खरा प्रश्न आहे, आणि येथे पुन्हा खडकापाशीच यावे लागते. ग्रॅनाइटचा वरचा थर झिजून झालेला मुरूम पाणी धरतो; पण तो थर थोडा, आणि त्याखाली अखंड शिळा. विहीर म्हणजे त्या मुरमात खोदलेला हौद. श्रावणात ती काठोकाठ भरते आणि संक्रांतीला तळ दाखवते. विंधणविहिरीचे यंत्र शिळेत खोल जाते, पण शिळेत पाणी असते ते फक्त भेगेत. भेग लागली तर पाणी, न लागली तर नुसता पांढरा भुगा आणि कर्ज. शेजाऱ्याच्या बोअरला पाणी आणि पंधरा पावलांवरची आपली कोरडी, याला आमच्याकडे नशीब म्हणतात. भूगोलाच्या विद्यार्थ्याने त्याला भेगांची दिशा म्हणावे.

मग मांजरा आहे ना, असे कोणी म्हणेल. ही नदी मोठी लहरी. बीड जिल्ह्यात बालाघाटावर उगम पावते, आग्नेयेला वाहत कर्नाटक आणि तेलंगणात शिरते, तेथे वळसा घेऊन उत्तरेकडे फिरते आणि आमच्या सीमेवरून पुढे जाऊन गोदावरीला मिळते. पण आमच्यापाशी येईपर्यंत तिच्यावर धनेगावचे धरण झालेले असते, सिंगूर झालेले असते आणि १९३१ साली पुरा झालेला निजामसागरही. वरच्या साऱ्यांचे भागल्यावर उरेल ते आमचे. पाणी नसले तरी वाळू मात्र आहे, आणि ती ट्रकांनी हैदराबादला जाते.

माणसेही तिकडेच जातात. देगलूरहून हैदराबाद दोनशे किलोमीटरच्या आसपास. छत्रपती संभाजीनगर तीनशेच्याही वर. अकोल्याहून नांदेड-देगलूरमार्गे संगारेड्डीला जाणारा १६१ क्रमांकाचा राष्ट्रीय महामार्ग तालुक्यातून जातो. दिवाळी झाली, मूग-सोयाबीन विकले गेले, उधारी फिटली किंवा फिटली नाही, की बरडावरची घरे निघतात. काही जण इमारतीच्या कामावर हैदराबादला. काही मुकादमाची उचल घेऊन पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात ऊस तोडायला. गेल्या माघात मी आमच्या आळीतून फिरलो तेव्हा निम्म्या दारांना कुलपे होती. ओट्यावर बसलेल्या एका आजीला विचारले, तर म्हणाली, “गेलेत की समदे हैद्राबादला. मिरगाला येतेत.” तिच्याजवळ दोन नातवंडे होती, शाळेसाठी मागे ठेवलेली.

म्हणजे गावची लोकसंख्या किती, या साध्या प्रश्नाला आमच्याकडे दोन उत्तरे आहेत : आषाढातली आणि माघातली. सरकार यांतली कोणती धरते? २०११ च्या जनगणनेत माणसांची प्रत्यक्ष गणना ९ ते २८ फेब्रुवारी या काळात झाली. नियम असा की गावचा नेहमीचा रहिवासी या काळात थोडे दिवस जरी गावी राहिला, तर तो गावात मोजायचा. परंतु सारा काळ बाहेर असेल, तर तो जेथे सापडेल तेथे. नियमात गैर काही नाही, नाहीतर एकच माणूस दोनदा मोजला जाईल. पण फेब्रुवारी म्हणजे आमचा माघ-फाल्गुन. विहिरी तळाला, ऊसतोडीचा हंगाम भरात, दारांना कुलपे. उसाच्या फडातल्या कोपीत मोजलेला माणूस त्या जिल्ह्याच्या आकड्यात जातो आणि त्याचे घर, मतदान, आई-बाप मात्र आमच्याकडे राहतात.

२०११ च्या गणनेप्रमाणे नांदेड जिल्ह्याची लोकसंख्या ३३,६१,२९२ होती. दर चौरस किलोमीटरला ३१९ माणसे, दर हजार पुरुषांमागे ९४३ स्त्रिया, साक्षरता ७५ टक्क्यांच्या थोडी वर. देगलूर शहराची संख्या ५४,४९३. एवढ्या मोठ्या आकड्यांत आमच्या गावची चार-दोनशे माणसे इकडची तिकडे झाली तर जिल्ह्याला काहीच कळत नाही. गावाला मात्र कळते. सहाशे ते पंधराशे लोकसंख्येच्या ग्रामपंचायतीत सात सदस्य असतात. पंधराशे एक झाले की नऊ. राखीव जागा किती, हे त्या त्या समाजाच्या मोजलेल्या संख्येवर ठरते. पंचायतीला येणाऱ्या निधीच्या हिशेबात लोकसंख्या धरतात. आरोग्य उपकेंद्र साधारण पाच हजारांमागे एक. आणि स्थलांतरात जातात ते बहुधा भूमिहीन आणि बरडवाले. काळ्या पट्टीचे घरधनी गावातच असतात. तेव्हा कुलपे लागतात ती ठरावीक गल्ल्यांनाच, आणि आकड्यातून गळतात तीही ठरावीक घरेच. माझ्या मते हे केवळ आकड्याच्या अचूकपणाचे दुखणे राहत नाही.

माणसे गावात टिकतात की नाही, हा प्रश्न या भागाला नवा नाही. देगलूरपासून जवळच होट्टल आहे. कल्याणीच्या चालुक्यांच्या काळातली तेथली मंदिरे, विशेषतः सिद्धेश्वराचे, पाहायला आता दुरून लोक येतात. एवढी कोरीव मंदिरे उठवायची तर शिल्पकार, पाथरवट, त्यांना पोसणारे धान्य आणि वर्षभर पुरणारे पाणी लागले असणार. अकराव्या-बाराव्या शतकातही खडक हाच होता. आज होट्टल एक खेडे आहे.

२०२१ ची जनगणना झालीच नाही. पुढच्या गणनेसाठी १ मार्च २०२७ ची मध्यरात्र धरायचे ठरले, म्हणजे माणसे मोजायचा महिना पुन्हा फेब्रुवारीच. गावात मी ही गोष्ट पारावर सांगितली तेव्हा एकाने विचारले, “दोन दिवसासाठी गावाकडं आलो तर धरतेत का?” नियमाप्रमाणे धरतात. पण मुकादम दोन दिवसांचा खाडा किती लावील आणि येण्याजाण्याचे भाडे कोण देईल, याचा हिशेब तो लगेच बोटांवर करू लागला.