पडद्यामागचा वास्तुकार

चित्रपट पाहून परतताना आपण नटनट्यांची नावे घेतो. पण ज्या वाड्यात, ज्या गावात ती कथा घडली, तो वाडा कोणी उभारला हे क्वचितच विचारतो. ते काम कलादिग्दर्शकाचे. पटकथा हाती आली की त्या काळाचा अभ्यास, मग रेखाटने, मग लहान प्रतिकृती आणि शेवटी सुतार-रंगाऱ्यांकडून प्रत्यक्ष उभारणी, असा त्याचा क्रम असतो.

मराठी माणसाला ही कला नवी नाही. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर मुळात चित्रकारच होते. 'प्रभात'चे कलादिग्दर्शन साहेबमामा फत्तेलाल पाहत. त्याच परंपरेतले अलीकडचे मोठे नाव म्हणजे नितीन चंद्रकांत देसाई. ते बाणकोटच्या खाडीपलीकडील दापोलीचे. मुंबईत छायाचित्रण शिकून १९८७ मध्ये 'तमस'साठी ते नितीश रॉय यांचे साहाय्यक झाले. '१९४२ : अ लव्ह स्टोरी' (१९९४) या चित्रपटाने त्यांचे नाव झाले. पुढे 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर', 'हम दिल दे चुके सनम', 'लगान' आणि 'देवदास' यांसाठी चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. 'लगान'चे गाव मातीचे, तर 'देवदास'चे महाल झगमगते. दोन्ही एकाच हातचे, हे सांगूनही खरे वाटू नये!

२००५ मध्ये आपल्याच रायगड जिल्ह्यात, कर्जत येथे त्यांनी स्वतःचा स्टुडिओ उभारला. 'जोधा अकबर'मधील मोगल वैभव तिथलेच. 'पानिपत' (२०१९) साठी तिथे शनिवारवाडा उभा राहिला. मूळ वाडा श्रीवर्धनच्या भट घराण्यातील पहिल्या बाजीरावांनी बांधलेला. १८२८ च्या आगीत आतले महाल जळाले. तट आणि दरवाजे तेवढे उरले. जे आगीने नेले, ते कलादिग्दर्शकाला अभ्यास व कल्पना यांच्या बळावर पुन्हा उभे करावे लागते.

मात्र चित्रपटाचे मानधन एकदा मिळते. स्टुडिओचा खर्च चित्रीकरण असो वा नसो, चालूच राहतो. २ ऑगस्ट २०२३ रोजी त्याच स्टुडिओत देसाईंचा करुण अंत झाला, तेव्हा स्टुडिओवर मोठ्या कर्जाचा बोजा होता. सेट मोडण्यासाठीच बांधले जातात. पण ते बांधणारा माणूस टिकायचा, तर कलेइतकीच व्यवहाराचीही भक्कम बैठक हवी. आपल्यापैकी जे या वाटेने जाऊ इच्छितात, त्यांनी त्यांच्या यशाबरोबर हेही ध्यानी ठेवावे. आणि आपण प्रेक्षकांनी निदान श्रेयनामावलीतले ते एक नाव वाचल्याखेरीज उठू नये.