बीएड असूनही अपात्र? शिक्षक भरतीतले वाद कोर्टात कसे सुटतात

ज्यांना भाग ऐकायला जमलं नाही, त्यांच्यासाठी हे लेखी रूप. थोडी काटछाट केलीय, बाकी बोललो तसंच आहे.

विषय घरातूनच आला. माझ्या आत्तेबहिणीनं बीएड केलं, टीईटीचा पहिला पेपर काढला. ऑगस्ट २०२३ मध्ये तिचा मेसेज आला, "दादा, जास्त शिकले म्हणून अपात्र?"

त्या महिन्यात झालं काय होतं, ते आधी बघू. शिक्षण हक्क कायदा २००९ चा. त्याच्या कलम २३ नुसार शिक्षकाची किमान अर्हता एनसीटीई ही केंद्रीय संस्था ठरवते. २८ जून २०१८ ला एनसीटीईनं अधिसूचना काढली : बीएडवाले पहिली ते पाचवीला चालतील, फक्त नेमणुकीनंतर दोन वर्षांत सहा महिन्यांचा कोर्स करावा. राजस्थानात यावरून वाद पेटला. तिथल्या उच्च न्यायालयानं ती अधिसूचना रद्द केली आणि ११ ऑगस्ट २०२३ ला देवेश शर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं ते कायम केलं. कोर्टाचं म्हणणं साधं होतं. बीएड हे मोठ्या मुलांना शिकवण्याचं प्रशिक्षण आहे. सहा वर्षांच्या पोराला अक्षर ओळखायला लावणं हे वेगळं कसब, ते डीएडमध्ये शिकवतात. म्हणजे प्रश्न पदवी मोठी की लहान हा नव्हताच.

असे निकाल वाचताना मला तीन प्रश्न पुन्हा पुन्हा दिसले.

पहिला, अर्हता कोणी ठरवली? एनसीटीईचे किमान निकष राज्याला खाली आणता येत नाहीत. कोर्टही स्वतःहून "हे त्याच्या बरोबरीचं धरा" असं सहसा म्हणत नाही.

दुसरा, कोणत्या पदासाठी? टीईटीचा पहिला पेपर पहिली ते पाचवीसाठी, दुसरा सहावी ते आठवीसाठी. इथे बरेच जण टीईटी आणि टेट यांची गल्लत करतात. टीईटी म्हणजे पात्रता. टेट म्हणजे २०० गुणांची अभियोग्यता चाचणी, तिच्या गुणांवर पवित्र पोर्टलवर क्रम लागतो. आम्हा सॉफ्टवेअरवाल्यांच्या भाषेत टीईटी ही 'इफ'ची अट. ती खोटी निघाली की पुढचा कोड चालतच नाही, मग टेटला १६० पडले असले तरी.

तिसरा, कोणत्या तारखेला? जाहिरातीत वेगळी तारीख दिली नसेल तर अर्जाची शेवटची तारीख धरायची, असं सर्वोच्च न्यायालयानं १९९३ मध्येच रेखा चतुर्वेदी खटल्यात सांगितलं. "निकाल महिन्यानं लागणार आहे" हे कारण तिथे टिकत नाही. जाहिरातीनंच तशी सूट दिली असेल तर गोष्ट वेगळी.

तारखेनं माणसं वाचतातही. ८ एप्रिल २०२४ ला सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट केलं की बीएडचा निकाल पुढच्या काळासाठी आहे. ११ ऑगस्ट २०२३ आधी नेमलेल्यांना धक्का नाही, पण दोन अटी : जाहिरातीत बीएड ही अर्हता दिलेली हवी, आणि नेमणूक अंतिम निकालाच्या अधीन राहील अशी अट कुठल्या कोर्टानं घातलेली नको. एका ओळीच्या अटीवर नोकरी जाते किंवा राहते. म्हणून नेमणूक आदेश हातात आला की पेढे वाटायच्या आधी तो नीट वाचा.

दुसरा मोठा निकाल तर महाराष्ट्रातूनच गेलेल्या प्रकरणात आला. १ सप्टेंबर २०२५, अंजुमन इशात-ए-तालीम ट्रस्ट विरुद्ध महाराष्ट्र राज्य. कायद्याआधी लागलेल्या आणि पाच वर्षांहून जास्त सेवा उरलेल्या शिक्षकांनाही दोन वर्षांत टीईटी पास व्हायला सांगितलं. पाच वर्षांपेक्षा कमी उरली असेल तर नोकरी राहील, बढती मात्र टीईटीशिवाय नाही. अल्पसंख्याक शाळांचा प्रश्न मोठ्या पीठाकडे पाठवला. वीस वर्षं वर्ग सांभाळलेल्या गुरुजींनी आता परीक्षेला बसायचं, यात मलाही जड वाटतं. पण पहिलीतल्या पोराला प्रशिक्षित शिक्षक मिळणं हा त्याचा हक्क आहे, हेही खोटं नाही.

आता कामाचं. जाहिरातीची पीडीएफ, शुद्धिपत्रकं, अर्जाची प्रत, गुणपत्रकाची तारीख, सगळं जपून ठेवा. अट चुकीची वाटली तर परीक्षेआधीच आव्हान द्या. निमूट परीक्षा देऊन, नापास झाल्यावर नियमाला नावं ठेवली तर कोर्ट सहसा ऐकत नाही. आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच आपल्या कोल्हापुरातच बसतंय. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांतल्या उमेदवारांना आता रिट याचिकेसाठी रात्रीची महालक्ष्मी पकडून मुंबई गाठायला नको.

बहिणीनं याचिका केली नाही. कागद मांडून बसलो तेव्हा कळलं, तिच्या हातात नेमणूकच नव्हती, त्यामुळे त्या संरक्षणात ती बसत नव्हती. आता ती सहावी ते आठवीसाठी दुसऱ्या पेपरची तयारी करतेय. परवा म्हणाली, "दादा, हे मला बीएडच्या आधी कोणी सांगितलं असतं तर?"

म्हणून हा भाग. तुमच्या घरात, गल्लीत कोणी बारावीनंतर डीएड की बीएड या विचारात असेल, तर त्याला आजच पाठवा. भेटू पुढच्या भागात!