हूव्हर, हर्बर्ट : यूरोपातील मदतकार्य

हर्बर्ट क्लार्क हूव्हर (१० ऑगस्ट १८७४–२० ऑक्टोबर १९६४) हा अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांचा एकतिसावा राष्ट्राध्यक्ष (१९२९–३३). जागतिक मंदीच्या काळातील राष्ट्राध्यक्ष म्हणून त्याचे नाव सामान्यतः घेतले जाते. तथापि पहिल्या महायुद्धात व त्यानंतर यूरोपातील उपासमारग्रस्त जनतेसाठी त्याने उभारलेले अन्नसाहाय्य हेच त्याचे सर्वांत भरीव कार्य होय. आयोवा राज्यातील वेस्ट ब्रँच येथे एका क्वेकर कुटुंबात तो जन्मला. वयाच्या नवव्या वर्षीच तो पोरका झाला. स्टॅनफर्ड विद्यापीठातून भूविज्ञानाची पदवी घेऊन (१८९५) त्याने ऑस्ट्रेलिया, चीन इ. देशांत खाणअभियंता म्हणून मोठी संपत्ती मिळविली. १९१४ मध्ये युद्धाला तोंड फुटले तेव्हा तो लंडनमध्ये होता. तेथे अडकून पडलेल्या अमेरिकन प्रवाशांच्या परतीची व्यवस्था त्याने पाहिली आणि त्यातूनच बेल्जियमचे काम त्याच्याकडे आले.

बेल्जियम हा दाट वस्तीचा औद्योगिक देश असून त्याचे बहुतेक धान्य परदेशांतून येई. जर्मन सैन्याने देश व्यापल्यावर व ब्रिटिश आरमाराने नाकेबंदी केल्यावर हा पुरवठा तुटला. प्रजेला पोसण्याची जबाबदारी व्यापणाऱ्या सत्तेची आहे, असे ब्रिटनचे म्हणणे होते. तर नाकेबंदीमुळे उद्‌भवलेल्या टंचाईचा दोष जर्मनी आपल्याकडे घेण्यास तयार नव्हता. या पेचातून मार्ग काढण्यासाठी ऑक्टोबर १९१४ मध्ये हूव्हरच्या अध्यक्षतेखाली बेल्जियम मदत आयोग स्थापन झाला. आयात धान्याला हात लावणार नाही, अशी हमी त्याने जर्मनीकडून घेतली. पुढे देशात पिकणाऱ्या धान्यालाही ती लागू करण्यात आली. त्या बळावर नाकेबंदीतून आपल्या जहाजांना वाट देण्यास त्याने ब्रिटनला राजी केले. ही संमती कायमची कधीच नव्हती. दोन्ही बाजूंचे लष्करी अधिकारी आयोगाकडे संशयाने पाहत व ती पुनःपुन्हा मिळवावी लागे. आयोगाला स्वतःचा ध्वज होता आणि युद्धमान राष्ट्रांशी तो थेट करार करी. खाजगी संस्थेला असा दर्जा लाभल्याची उदाहरणे इतिहासात विरळाच.

धान्य जहाजांनी रॉटरडॅम बंदरात उतरे व तेथून कालव्यांतील पडावांतून बेल्जियममध्ये जाई. प्रत्यक्ष वाटप एमील फ्रांकी याच्या नेतृत्वाखालील बेल्जियन राष्ट्रीय समिती आपल्या स्थानिक शाखांमार्फत करी. धान्य जर्मन सैन्याकडे वळत नाही ना, यावर आयोगाचे अमेरिकन प्रतिनिधी लक्ष ठेवीत. त्यांत ऑक्सफर्ड विद्यापीठात शिकणारे काही तरुण होते. ऐपत असलेल्यांना शिधा विकत घ्यावा लागे आणि विक्रीतून उरलेला पैसा निर्धनांच्या मदतीस लावला जाई. रिकामी झालेली पिठाची पोती बेल्जियन स्त्रियांनी भरतकाम करून आभारार्थ परत पाठविली; त्यांपैकी काही आजही संग्रहालयांत आहेत. १९१५ पासून उत्तर फ्रान्सच्या व्याप्त भागालाही पुरवठा सुरू झाला. अशा रीतीने नव्वद लाखांहून अधिक लोक या पुरवठ्यावर अवलंबून होते व एकूण सु. ५० लाख टन माल पोहोचविण्यात आला. हे कार्य लोकांच्या देणग्यांवर चालले, असा समज रूढ आहे. वस्तुतः खर्चाचा फार मोठा भाग ब्रिटन, फ्रान्स व नंतर अमेरिका यांच्या सरकारी अनुदानांतून व कर्जांतून भागला. हूव्हर स्वतः वेतन घेत नसे.

एप्रिल १९१७ मध्ये अमेरिका युद्धात उतरल्यावर देखरेखीचे काम स्पॅनिश व डच प्रतिनिधींनी सांभाळले. हूव्हर मायदेशी अन्न प्रशासनाचा प्रमुख झाला. शिधापत्रिकांची सक्ती न करता, गहू व मांस वर्ज्य करण्याचे दिवस पाळण्याचे आवाहन करून त्याने निर्यातीसाठी धान्य वाचविले.

युद्ध थांबले, पण भूक थांबली नाही. फेब्रुवारी १९१९ मध्ये अमेरिकन काँग्रेसने मंजूर केलेल्या दहा कोटी डॉलरच्या निधीतून अमेरिकन मदत प्रशासन स्थापन झाले. मध्य व पूर्व यूरोपात, विशेषतः पोलंड व ऑस्ट्रियामध्ये, त्याने मुलांसाठी अन्नकेंद्रे काढली. पराभूत जर्मनीलाही अन्न मिळावे, असा हूव्हरचा आग्रह होता. मात्र साम्यवादाचा प्रसार रोखणे हाही या मदतीचा एक हेतू होता. हंगेरीत बेला कुनची राजवट असेपर्यंत (मार्च–ऑगस्ट १९१९) ही मदत रोखून धरण्यात आली होती. हा आक्षेप रास्तच आहे. परंतु १९२१ मध्ये रशियात व्होल्गा खोऱ्यात दुष्काळ पडला व मॅक्सिम गॉर्कीने जगाला आवाहन केले, तेव्हा ज्या सरकारला अमेरिकेने मान्यताही दिलेली नव्हती त्याच्याशी हूव्हरच्या प्रतिनिधींनी रीगा येथे करार केला (२० ऑगस्ट १९२१). १९२२ च्या उन्हाळ्यात एक कोटीहून अधिक लोकांना तेथे रोज अन्न मिळत होते. सोव्हिएट सरकार धान्य निर्यात करू लागल्याने अमेरिकेत नाराजी पसरली आणि १९२३ मध्ये हे कार्य आटोपते घेण्यात आले.

राष्ट्राध्यक्षपदी आल्यावर मात्र बेकार अमेरिकनांना संघीय तिजोरीतून थेट मदत देण्यास त्याने विरोध केला. हा भार स्थानिक शासनांनी व स्वयंसेवी संस्थांनी उचलावा, असे त्याचे मत होते. राज्यांना मदतकार्यासाठी कर्जे देण्यास त्याने १९३२ मध्ये संमती दिली. तोवर बेघरांच्या झोपडवस्त्यांना त्याचेच नाव पडले होते. बेल्जियमला ज्या सरकारी पैशाने तारले, त्याचा हूव्हरला अशा वेळी विसर पडावा, हे आश्चर्यकारक आहे.

दुसऱ्या महायुद्धात व्याप्त देशांना अन्न पोहोचविण्याची त्याची योजना चर्चिलच्या विरोधामुळे फलद्रूप झाली नाही. १९४६ मध्ये राष्ट्राध्यक्ष ट्रूमनच्या विनंतीवरून त्याने जगातील अन्नस्थितीची पाहणी करण्यासाठी ३८ देशांचा दौरा केला. त्यात अन्नटंचाईला तोंड देत असलेल्या भारताचाही समावेश होता. १९४७ च्या त्याच्या जर्मनी दौऱ्यानंतर तेथील ब्रिटिश व अमेरिकन विभागांतील शाळांत सु. ३५ लाख मुलांना दुपारचे जेवण मिळू लागले. बेल्जियमपासूनचा त्याचा सहकारी मॉरिस पेट हा संयुक्त राष्ट्रांच्या बालक निधीचा पहिला कार्यकारी संचालक झाला. हूव्हर न्यूयॉर्क येथे वयाच्या नव्वदाव्या वर्षी मरण पावला.