उल्हास आणि वालधुनी : दोन नद्यांचे पाणी व आपली शेती

कोकणपट्टीत पाऊस उदंड पडतो, आणि तरीही माघ-फाल्गुनात गुरांच्या पाण्यासाठी वणवण करावी लागते. सह्याद्रीच्या उतारावरून सुटलेले पाणी काही तासांतच खाडी गाठते. जमिनीत मुरण्यास त्यास उसंत मिळत नाही. ठाणे जिल्ह्यातील बहुतेक ओहोळ व पऱ्हे दिवाळीनंतर आटतात. अंबरनाथ, बदलापूर व उल्हासनगर यांच्या परिसरात मात्र उल्हास नदी भर उन्हाळ्यातही वाहताना दिसते. हा केवळ निसर्गाचा प्रसाद नव्हे, त्यामागे माणसाची करणीही आहे.

उल्हास नदी राजमाचीच्या डोंगराळ मुलखात उगम पावते आणि कर्जत, नेरळ, बदलापूरवरून कल्याणकडे जाऊन वसईच्या खाडीवाटे अरबी समुद्रास मिळते. तिची लांबी सुमारे 122 किलोमीटर असून पाणलोट क्षेत्र सुमारे 4,600 चौरस किलोमीटर आहे. पेज, बारवी, काळू व भातसा या तिच्या परिवारातील प्रमुख नद्या होत. यांपैकी पेज नदीची कथा विशेष आहे. मावळातील आंध्रा नदी इंद्रायणीस, इंद्रायणी भीमेस व भीमा कृष्णेस मिळते. म्हणजे हे पाणी मूळचे बंगालच्या उपसागराकडे जाणारे. ठोकरवाडी येथे ते अडवून घाटाखाली भिवपुरीच्या टाटा जलविद्युत केंद्रात सोडण्यात आले. हे केंद्र 1922 मध्ये सुरू झाले. वीज निर्माण करून बाहेर पडणारे हेच पाणी पेज नदीतून उल्हासला येते. वाटेत राजनाल्याच्या कालव्यातून कर्जत तालुक्यातील खाचरांना मिळते आणि तेथे उन्हाळी भात उभे राहते. बारवी नदीवर 1972 मध्ये औद्योगिक विकास महामंडळाने धरण बांधले. त्याचे पाणी मुख्यतः कारखाने व शहरांकडे जाते. शेतीच्या दृष्टीने पेजच्या प्रवाहाचे मोल अधिक आहे, ही गोष्ट नदीकाठच्या पुष्कळ बागायतदारांच्याही ध्यानात नसते.

वालधुनी नदीची स्थिती याच्या अगदी उलट आहे. मलंगगडाच्या बाजूच्या डोंगरांतून, काकोळे भागातून ती निघते आणि अंबरनाथच्या शिवमंदिराजवळून वाहते. मंदिरातील शिलालेख शके 982 चा, म्हणजे इ.स. 1060 चा आहे; त्या काळी देवालयाशेजारी स्वच्छ प्रवाह असल्याखेरीज अशी जागा निवडली गेली नसती. पुढे ही नदी अंबरनाथच्या कारखान्यांलगत व 1949 साली नाव मिळालेल्या उल्हासनगरातून जाते, आणि रसायने, कापड रंगविण्याचे पाणी व घरोघरचे सांडपाणी घेऊन कल्याणच्या खाडीकडे उतरते. नोव्हेंबर 2014 मध्ये टँकरमधून या पात्रात रासायनिक द्रव्य ओतले गेले व त्यातून उठलेल्या वायूमुळे शेकडो रहिवाशांना त्रास झाला.

अशा पाण्यावर पालक, माठ व मुळा घेण्याचा मोह शहरालगत फार असतो. बाजार हाकेच्या अंतरावर, पाणी फुकट, आणि पीक पाहावे तर हिरवेगार! सांडपाण्यातील नत्रामुळे पाने हिरवी व लुसलुशीत दिसतात. तथापि हा हिरवेपणा शुद्धतेचा पुरावा नव्हे. शिसे, कॅडमियम यांसारखे जड धातू पानांत साठू शकतात. भाजी धुतल्याने वा शिजविल्याने ते जात नाहीत. यास्तव कारखान्यांचे पाणी मिसळलेल्या प्रवाहावर कोणतीही भाजी करू नये.

नदीकाठच्या विहिरीचे पाणी संशयास्पद वाटल्यास गावपातळीवरील कार्यकर्त्याने नमुना घेऊन प्रयोगशाळेकडे पाठवावा. एक लिटरची स्वच्छ प्लॅस्टिकची बाटली त्याच पाण्याने तीनदा विसळावी. पंप काही वेळ चालू ठेवून मगच ती भरावी, आणि गाव, गट क्रमांक व तारीख लिहून शक्यतो त्याच दिवशी पोहोचती करावी. विद्युतवाहकता 0.75 पेक्षा कमी आल्यास क्षारांच्या दृष्टीने पाणी चांगले समजावे, 2.25 च्या वर गेल्यास बहुतेक पिकांस ते अपायकारक होय. मात्र या साध्या तपासणीत जड धातू कळत नाहीत. त्यासाठी वेगळी तपासणी मागावी लागते, आणि ती मागण्यात संकोच बाळगू नये.

राहता राहिला पुराचा प्रश्न. 26 जुलै 2005 चा पूर कोणी विसरलेले नाही. 27 जुलै 2019 रोजी बदलापूर व वांगणीच्या दरम्यान उल्हासचे पाणी लोहमार्गावर चढले व महालक्ष्मी एक्सप्रेसमधील एक हजारांवर प्रवाशांना होड्यांनी बाहेर काढावे लागले. जेथे आगगाडी अडली, तेथे आसपासच्या आवणाची काय गत झाली असेल, हे सांगणे नलगे. अतिवृष्टी व समुद्राची भरती एकाच वेळी आली की खाडीचे तोंड जणू बंद होते आणि पाणी मागे तुंबते. त्यातच नदीची मळी भरावाने उंचावली जाते व ओढ्यांच्या मोऱ्या प्लॅस्टिकने बुजतात. मग पाणी खाचरांतच मुक्काम करते.

शेतकरी बंधूंनी मृग नक्षत्रापूर्वीच बांधाचे उचाट व शेताबाहेर पाणी नेणारे चर मोकळे करून ठेवावेत. मोरी रेल्वेची वा सार्वजनिक रस्त्याची असेल, तर ग्रामपंचायतीचा लेखी अर्ज वैशाखातच गेला पाहिजे. पाऊस लागल्यावर त्या अर्जाचा उपयोग नाही. पूर ओसरताच खाचरातील गढूळ पाणी काढावे, पानांवरचा गाळ साध्या पाण्याने उतरवावा, आणि रोपांना नवी पालवी दिसल्यावरच नत्राचा हप्ता द्यावा. आवण पूर्ण वाहून गेल्यास कर्जत-184 सारख्या हळव्या जातीचे मोड आलेले बी रहू पद्धतीने चिखलात फेकता येते. त्यासाठी पेरणीच्या वेळीच थोडे बी वेगळे काढून, कोरड्या जागी, जमिनीपासून उंच टांगून ठेवावे.