सदू शिंदे : युद्धकाळात घडलेला फिरकी गोलंदाज

सदाशिव ऊर्फ सदू शिंदे हे नाव आज अनेकांच्या कानावर येते ते शरद पवार यांचे सासरे म्हणून. क्रिकेटच्या नोंदींत त्यांच्या नावापुढे सात कसोटी सामने, १२ बळी आणि ५९.७५ ची सरासरी एवढेच आढळते. या आकड्यांवरून त्यांना सामान्य गोलंदाज ठरविणे सोपे आहे. पण ते आकडे कोणत्या काळातले आहेत, हे पाहिल्याशिवाय तो निवाडा न्याय्य ठरणार नाही.

शिंदे यांचा जन्म १८ ऑगस्ट १९२३ चा, मुंबईतला. लेगब्रेक आणि गुगली टाकणारा हा गोलंदाज १९४०-४१ च्या मोसमात, वयाच्या सतराव्या वर्षी महाराष्ट्राकडून खेळू लागला. प्रा. दि. ब. देवधर यांच्या नेतृत्वाखाली महाराष्ट्राने त्या वर्षी लागोपाठ दुसऱ्यांदा रणजी करंडक जिंकला. तिकडे युरोपात महायुद्ध पेटले होते. इंग्लंडमधील कौंटी स्पर्धा बंद पडली होती आणि भारत दौऱ्यावर येऊन गेलेला डावखुरा फिरकी गोलंदाज हेडली व्हेरिटी १९४३ मध्ये इटलीत युद्धात जखमी होऊन मरण पावला. भारतात रणजी आणि पंचरंगी स्पर्धा चालू राहिल्या. मात्र १९३६ नंतर भारताला पुढची कसोटी खेळायला मिळाली ती थेट १९४६ मध्ये. शिंदे घडले ते या मधल्या काळात.

शिवाय तो काळ फलंदाजांचा होता. धावांचे डोंगर उभे राहत आणि गोलंदाज घाम गाळीत. १९४३-४४ च्या मोसमात मुंबईने महाराष्ट्राविरुद्ध ७३५ धावा केल्या; त्यांत विजय मर्चंट यांच्या नाबाद ३५९ होत्या. त्याच डावात शिंदे यांनी ७५.५ षटके टाकून १८६ धावांत पाच गडी बाद केले. मनगटाने चेंडू वळविणाऱ्या गोलंदाजाला टप्प्यावर ताबा ठेवणे मुळातच अवघड असते. अशा गोलंदाजाने एवढी षटके टाकताना षटकामागे अडीचपेक्षाही कमी धावा द्याव्यात, ही साधी गोष्ट नव्हे.

युद्ध संपल्यावर १९४६ च्या इंग्लंड दौऱ्यात ते लॉर्ड्सवर पहिली कसोटी खेळले. तो सामना भारताने दहा गड्यांनी गमावला. दुसरी कसोटी मिळण्यासाठी त्यांना १९५१ च्या नोव्हेंबरपर्यंत थांबावे लागले. दिल्लीतील त्या कसोटीत त्यांनी ९१ धावांत सहा बळी घेतले आणि इंग्लंडचा डाव २०३ धावांत आटोपला. भारताने सहा बाद ४१८ वर डाव सोडला. विजय दृष्टिपथात होता. पण दुसऱ्या डावात शिंदे यांच्या गोलंदाजीवर झेल सुटले, ॲलन वॉटकिन्सने नाबाद १३७ धावांची चिवट खेळी केली आणि सामना अनिर्णित राहिला. लेगस्पिनरची अर्धी कमाई क्षेत्ररक्षकांच्या हाती असते, ती अशी.

याच मालिकेत, फेब्रुवारी १९५२ मध्ये, भारताने चेन्नईत आपला पहिला कसोटी विजय मिळविला. त्या अकरा जणांत शिंदे नव्हते. १९५२ च्या इंग्लंड दौऱ्यानंतर त्यांची कसोटी कारकीर्द थांबली.

महाराष्ट्र, मुंबई आणि बडोदा या संघांकडून खेळताना त्यांनी ७९ प्रथमश्रेणी सामन्यांत २३० बळी घेतले, तेही ३२.५९ च्या सरासरीने. फलंदाजांना धार्जिण्या खेळपट्ट्यांवरची ही मिळकत त्यांच्या कसोटी सरासरीपेक्षा अधिक खरे बोलते. २२ जून १९५५ रोजी विषमज्वराने त्यांचे निधन झाले, तेव्हा ते अवघे ३१ वर्षांचे होते. ज्या वयात फिरकी गोलंदाज परिपक्व होऊ लागतो, त्या वयात त्यांचा खेळ संपला. त्यांची गणना करताना १२ बळींच्या जोडीला ती ७५.५ षटकेही मोजायला हवीत.